'हार्टस्टॉपर', भाग 1 आणि 2 : निकसाठी वाचा

अ‍ॅलिस ओस्मनच्या या चित्रकादंबरीबद्दल बोलताना लोक चार्ली आणि निकच्या प्रेमाबद्दल बोलतात. मला बोलायचंय निक नेल्सनबद्दल. किशोरांच्या पुस्तकात बायसेक्शुअल, म्हणजे मुलं आणि मुली दोन्ही आवडणारा, मुलगा इतक्या सबुरीने रंगवलेला मी तरी दुसरीकडे वाचलेला नाही.

गोष्ट इंग्लंडातल्या मुलांच्या शाळेतली. चार्ली गे आहे हे शाळेत आधीच पसरलंय, त्यावरून त्याचा छळही झालाय. निक त्याच्या एक वर्ष पुढे, रग्बी खेळणारा, अंगाने दांडगा, मनाने मऊ. दोघं शेजारी बसायला लागतात. चार्ली जोरात पळतो म्हणून निक त्याला संघात ओढतो, मग घरी बोलावतो, नेली नावाच्या कुत्रीशी ओळख करून देतो. आणि एका रात्री हाच निक कॉम्प्युटरवर शोधतो, 'मी गे आहे का?'

बरेच लेखक इथे 'हो' म्हणून मोकळे झाले असते. ओस्मन थांबते. कारण निकला पूर्वी टारा नावाची मुलगी आवडायची, आणि ते आवडणं लेखिका पुसून टाकत नाही. नवं खरं म्हणून जुनं खोटं, असा निवाडा निकवर कोणी लादत नाही. 'बायसेक्शुअल' हा शब्दही तो त्याच्या सवडीने उच्चारतो.

मी सांगलीत वाढले. कॉलेजात मला वर्गातली एक मुलगी आवडायची आणि शेजारच्या बिल्डिंगमधला एक मुलगाही. यातलं एक नक्की खोटं असणार, आणि ते कुठलं हे आपणच शोधून काढायचं, असं ओझं मी कितीतरी वर्षं वागवलं. आज लग्नाला बरीच वर्षं झालीत, मी बायसेक्शुअल आहे हे नवऱ्याला माहीत आहे, आणि तरीही दुसऱ्या भागाच्या शेवटी निक आईला सांगतो ती पानं वाचताना मला रडू आवरलं नाही. आई उलटतपासणी घेत नाही. सांगितलंस ते बरं केलंस म्हणते, आणि माझ्यामुळे तुला सांगणं अवघड गेलं असेल तर माफ कर, असंही म्हणते. घरात पंधरा-सोळा वर्षांचं मूल असेल, तर ही पानं तुम्हीही वाचाच.

रेषा साधी, चौकटी मोठ्या, संवाद मोजके. 2016 साली हे वेबकॉमिक म्हणून सुरू झालं, म्हणून वाचण्याचा वेग तसा हलका. एका संध्याकाळी एक भाग सहज संपतो.

दोन गोष्टी खटकल्या. निकला मुलीही आवडतात हे कळतं ते त्याच्या सांगण्यातून. कथेत ते घडताना दिसत नाही. दुसरी गोष्ट बेन होपची. मैत्रीण असताना चार्लीला चोरून भेटणारा, त्याला वाईट वागवणारा हा मुलगा. त्याच्या वागण्याला माफी नको, हे अगदी मान्य. पण त्याच्याही पोटात भीती आहे, आणि तिला दोन पानं मिळायला हवी होती.

असल्या गोड गोष्टीला कोण घाबरेल, असं वाटत असेल तर ऐका. हंगेरीत 2023 मध्ये एका पुस्तक विक्रेत्याला 1 कोटी 20 लाख फोरिंट दंड झाला, कारण हे पुस्तक प्लॅस्टिकमध्ये बंद न करता किशोर विभागात ठेवलं होतं. खुद्द इंग्लंडात 1988 पासून 2003 पर्यंत शाळांवर 'सेक्शन 28' या कायद्यातल्या कलमाची सावली होती, समलैंगिकतेचा 'प्रसार' करायला स्थानिक संस्थांना मनाई होती. ओस्मनचा जन्म 1994चा, म्हणजे तिच्या प्राथमिक शाळेतली बरीच वर्षं त्याच सावलीतली. आपल्याकडे सचिन कुंडलकरांची 'कोबाल्ट ब्लू' 2006 मध्ये आली आणि मला फार जवळची आहे, पण ती मोठ्यांची कादंबरी. चौदा वर्षांच्या हाती मी निक देईन.

पुढे चौथ्या भागात चार्लीचा खाण्याशी निगडित आजार आणि हॉस्पिटल येतं, तो आधी स्वतः वाचून मगच मुलांना द्या. आणि पहिला भाग एकटा विकत घेऊ नका. पार्टीतल्या चुंबनानंतर निक गोंधळून निघून जातो तिथे तो संपतो. दुसरा भाग हाताशी नसेल, तर वाचणारं मूल नेमकं त्या भीतीपाशी अडकून राहतं.