कमोडोर ६४ साठी जिफीडॉस, डॉल्फिनडॉस की नुसतं कार्ट्रिज?

कमोडोर ६४ या ऐंशीच्या दशकातल्या घरगुती कॉम्प्युटरवर फ्लॉपीवरून लोडिंग फास्ट करायचे हे तीन मार्ग, पण आधी हे सांगतो की डिस्क स्लो नाहीये, वायर स्लो आहे. १५४१ हा त्याचा फ्लॉपी ड्राइव्ह मूळ रॉमवर (कायमचा कोड असलेल्या आतल्या चिपवर) सेकंदाला जेमतेम ४०० बाइट देतो, म्हणजे २०२ ब्लॉकची (एक ब्लॉक २५४ बाइटचा) फाइल यायला दोन मिनिटांच्या वर जातात, कारण सिरियल केबलवरून एकेक बिट पाठवायचं आणि प्रत्येक बाइटनंतर समोरच्याच्या होकाराची वाट बघायची.

एपिक्स फास्ट लोड कार्ट्रिज सगळ्यात सोपं, काही उघडायचं नाही, मागे खोचलं की झालं. ते स्वतःचा कोड ड्राइव्हच्या २ केबी रॅममध्ये पाठवतं आणि लोड साधारण पाचपट फास्ट होतं, सेव्ह मात्र आहे तसंच. वर कार्ट्रिज पोर्ट अडकतो तो वेगळाच.

जिफीडॉसमध्ये कॉम्प्युटरचा कर्नल रॉम (डिस्क, कीबोर्ड वगैरे सांभाळणारा मूळ कोड) आणि ड्राइव्हचा रॉम, दोन्ही बदलायचे. एकच बदललात तर सगळं चालेल पण जुन्याच स्पीडने. केबल तीच राहते, फक्त क्लॉक आणि डेटा दोन्ही लाइनवरून एकदम दोन बिट जातात, त्यामुळे लोड दहापटीच्या आसपास. पण मला खरं आवडतं ते रोजचं वापरणं, एफ१ दाबलं की डिरेक्टरी समोर आणि मेमरीतला प्रोग्राम जागच्या जागी, तो उडत नाही! बदल्यात टेपचा कोड काढलेला आहे, म्हणून कॅसेट वापरणाऱ्यांनी जुन्या रॉमवर जायचा स्विच बसवाच.

डॉल्फिनडॉस स्पीडमध्ये या दोघांच्या कितीतरी पुढे, पण त्याला युजर पोर्टपासून ड्राइव्हच्या आतपर्यंत पॅरलल केबल (एकदम आठ बिट नेणारी) लागते आणि ड्राइव्हमध्ये ८ केबी जादा रॅम, आणि युजर पोर्टवर मोडेम असेल तर तो काढावा लागणार.

ज्या गेममध्ये स्वतःचा फास्टलोडर (लोड फास्ट करणारा कोड) असतो तो कर्नलला विचारतच नाही, तिथे यातल्या कशानेच फारसा फरक पडत नाही, म्हणून फक्त तसलेच गेम खेळत असाल तर रॉम बदलायच्या भानगडीत पडू नका.

बाकी माझं मत जिफीडॉसला, कारण पुढे एसडी२आयईसी (फ्लॉपीऐवजी एसडी कार्ड वापरणारा ड्राइव्ह) घेतलंत तरी त्याला हा प्रोटोकॉल येतो, डॉल्फिनची केबल मात्र त्या एका ड्राइव्हलाच बांधलेली. फक्त चिप घ्यायच्या आधी बोर्ड उघडून बघा, जुन्या बोर्डावर कर्नल वेगळा २४ पायांचा असतो, नंतरच्या छोट्या बोर्डावर बेसिक (प्रोग्रामिंग भाषा) आणि कर्नल एकाच २८ पायांच्या चिपमध्ये, आणि सॉकेट नसून चिप थेट सोल्डर केलेली असेल तर डीसोल्डरिंग येणाऱ्याच्याच हातात द्या.