उलटतपासणीशिवायचे तीन जबाब

शनिवारी दुपारी वहिनीचा मेसेज: "रात्री काय लावू?" खाली तीन नावं. तिन्ही गुन्हे आणि खटल्यांवरचे माहितीपट. मी फोर्टमध्ये एका वकिलांकडे टायपिंग करतो, दिवसभर जबाब आणि उलटतपासण्या उतरवतो. त्यामुळे असलं काही बघताना माझं लक्ष आधी जातं ते बोलणाऱ्याकडे, आणि त्याला उलट विचारणारं कुणी आहे का याकडे.

'द इंद्राणी मुखर्जी स्टोरी: बरीड ट्रुथ' (२०२४, चार भाग) म्हणजे आपल्याच गावचं प्रकरण. वरळीचं घर, पेणकडचं जंगल, भायखळ्याचं जेल. इथे खुद्द आरोपी कॅमेऱ्यासमोर बसते. तिची मुलगी शीना बोरा हिची हत्या २०१२ ची, अटक २०१५ ची, जामीन २०२२ चा. मालिका आली तेव्हा खटला चालूच होता. म्हणून सीबीआय प्रदर्शन थांबवायला उच्च न्यायालयात गेली. न्यायमूर्तींनी मालिका आधी स्वतः पाहिली, गैर काही आढळलं नाही, आणि ती प्रदर्शित झाली. ('ब्लॅक फ्रायडे' हा चित्रपट मात्र बॉम्बस्फोट खटल्याच्या निकालापायी २००७ पर्यंत अडकला होता. काळ बदलला म्हणायचा.) बाई बोलायला तयार आहे, ऐकत राहावंसं वाटतं. घरची माणसं, पत्रकारही बोलतात, तिला छेद देतात. पण शपथेवर कुणीच नाही. आमच्याकडे असा सरतपासणीवर, म्हणजे आपल्याच बाजूच्या वकिलाच्या प्रश्नांवर, थांबलेला जबाब पुराव्यात धरत नाहीत.

'डिअर झॅकरी' (२००८) अगदी उलट. दिग्दर्शक कर्ट क्यूनीचा लहानपणापासूनचा मित्र मारला गेला; त्याच्या बाळाला बाप कळावा म्हणून हा कॅमेरा घेऊन निघाला. तटस्थपणाचा आवही आणत नाही. निवेदन करताना आवाज फुटतो, तो तसाच ठेवलाय. मला हे प्रामाणिक वाटतं: पक्षकार आहे आणि तसं तोंडावर सांगतोय. संशयित बाई कॅनडात जामिनावर सुटते, त्यापुढचं मी सांगणार नाही. तुम्हीही आधी काही वाचू नका. तिथला जामिनाचा कायदा २०१० मध्ये बदलला, एवढंच.

'टु किल अ टायगर' (२०२२) झारखंडमधला. तेरा वर्षांच्या मुलीवर सामूहिक बलात्कार होतो, गाव म्हणतं त्यातल्याच एकाशी लग्न लावून टाका, आणि बाप कोर्टाची पायरी सोडत नाही. दिग्दर्शिका निशा पाहुजा पडद्याआड राहते. तरी एका प्रसंगात गावकरी कॅमेऱ्यावरच चालून येतात, तेव्हा लक्षात येतं की चित्रीकरण करणारेही आता या भांडणात आहेत. मुलीचा चेहरा दिसतो, ते मला आधी खटकलं. आमच्या कागदांवर पीडितेचं नावसुद्धा येत नाही. पण अठराची झाल्यावर तिने स्वतः तो निर्णय घेतला. निकालही लागलाय, त्यामुळे बघणाऱ्यावर न्यायाधीश होण्याची पाळी येत नाही.

मी लिहिलं: "वहिनी, आज टायगर लाव, आईलाही बसव. झॅकरी एकटीने बघ, दुसऱ्या दिवशी सुट्टी असताना. इंद्राणी कधीही चालेल, पण चारही भाग बघितल्याशिवाय मत देऊ नकोस."

उत्तर रात्री साडेअकराला आलं. "इंद्राणीचा पहिला भाग झाला. मला तर ती खरी वाटते रे."

मी लिहिलं, "अजून तीन आहेत."