सरकारी पट्ट्याची जमीन: आयुक्तांकडे अपील, दिवाणी दावा की रिट?

पट्टा रद्द झाल्याचा किंवा शर्तभंगाचा आदेश हातात पडला की बहुतेकांचा पहिला प्रश्न असतो, ‘थेट हायकोर्टात जायचं का?’ उत्तर बहुधा ‘एवढ्यात नाही’ असंच असतं. आधी आदेश नीट पाहा. तो कोणत्या कायद्याच्या कोणत्या कलमाखाली काढलाय, सही कोणाची आहे आणि तुम्हाला कोणत्या तारखेला मिळाला, यावर पुढची वाट ठरते. पाकीट फेकू नका. मुदतीवरून वाद झाला तर त्यावरचा पोस्टाचा शिक्काच कामी येतो.

जमीन कोणाची, हेही तपासा. रेल्वे, कँटोन्मेंट किंवा केंद्राच्या इतर जागेतून संपदा अधिकाऱ्याने 1971 च्या सार्वजनिक जागांच्या कायद्याखाली बेदखलीचा आदेश काढला असेल, तर जिल्हा न्यायाधीशांकडे अपील करायला फक्त 12 दिवस असतात. दिवाणी दाव्याची वाट तिथे बंदच आहे. अपिलात हरलात की उरते ती रिट, म्हणजे हायकोर्टातली याचिका.

राज्याच्या जमिनीचं गणित वेगळं. जिल्हाधिकारी महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम 1966 च्या कलम 38 खाली पट्टा देतात आणि घेणारा होतो ‘सरकारी पट्टेदार’. तो भोगवटादार वर्ग 2, म्हणजे हस्तांतरणावर निर्बंध असलेली जमीन धारण करणारा, नव्हे. गावात दोन्हींना सरसकट ‘सरकारने दिलेली जमीन’ म्हणतात, आणि मग वर्ग 2 चे निकाल पट्टेदाराच्या अपिलाला जोडले जातात. समोरचा सरकारी वकील ते दोन मिनिटांत बाजूला सारतो.

जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर कलम 247 खाली विभागीय आयुक्तांकडे अपील होतं. मुदत 90 दिवस. आदेश तहसीलदार किंवा प्रांतांचा असेल तर अपील त्यांच्या वरच्या अधिकाऱ्याकडे आणि मुदत 60 दिवस. आदेशाच्या नकलेसाठी गेलेला वेळ यातून वजा होतो, म्हणून नकलेचा अर्ज लगेच टाका. या वाटेला खर्च कमी आणि मूळ फाइल अपील अधिकाऱ्यासमोर येते. मोजणी नकाशा, भाडं भरल्याच्या पावत्या, स्थळपाहणीचा पंचनामा, सगळ्यावर इथेच बोलता येतं. पंचनाम्यावर तुमची सही नसेल, चतु:सीमा चुकल्या असतील, तर तो मुद्दा इथेच मांडा. पुढे तो ऐकणारं कोणी सहजासहजी भेटत नाही. तोटा उघड आहे: निवाडा महसूल खात्याचाच माणूस करतो, तारखा लांबतात आणि कधी सगळं फेरचौकशीला परत जातं. आयुक्तांकडे हरल्यावर कलम 257 खाली शासनाकडे पुनरीक्षण, म्हणजे आदेशाची फेरतपासणी, मागता येतं.

एक गोष्ट ठळक लिहायला हवी. अपील दाखल झालं म्हणून कारवाई आपोआप थांबत नाही. स्थगितीचा वेगळा अर्ज लागतो. अपील दाखल होण्यापूर्वी, अपिलाच्या मुदतीत, आदेश काढणारा अधिकारी स्वतःसुद्धा कलम 256 खाली अंमलबजावणी थांबवू शकतो. ही सोय फारशी कोणी वापरत नाही, आणि मला त्याचं नेहमी नवल वाटतं. स्थगिती नाकारली तर त्या नकारावर महसुली अपील चालत नाही. तिथे मात्र हायकोर्टाचा दरवाजा खरोखर उपयोगाचा.

दिवाणी दावा अनेकांना भारदस्त वाटतो. साक्षीपुरावा, उलटतपासणी, सगळं रीतसर. पण सरकारविरुद्ध दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते; तातडी दाखवून कोर्टाची परवानगी घेतली तरच ती टळते. शिवाय महसूल अधिकाऱ्याच्या कृतीवर दावा करायचा तर 1876 चा महसूल अधिकारितेचा कायदा विचारतो, आधी उपलब्ध अपिलं केलीत का? म्हणजे फिरून आयुक्तांकडेच. कराराचा अर्थ किंवा मालकी हा खरा वाद असेल तरच मी या वाटेचा विचार करीन. दाव्यात हरलात तर पहिल्या अपिलात पुराव्यावरही बोलता येतं; दुसऱ्या अपिलाला कायद्याचा महत्त्वाचा प्रश्नच हवा.

रिट सगळ्यांत वेगवान दिसते. पण सुनावणीच दिली नाही, अधिकारच नसताना आदेश काढला, अशी बाब नसेल तर ‘आधी अपील करा’ हे ऐकून परत यावं लागतं, आणि तोवर मुदतीतले दिवस खर्ची पडलेले असतात. वस्तुस्थितीच्या वादात हायकोर्ट सहसा शिरत नाही. महसूल अधिनियमाच्या कलम 53 खाली संक्षिप्त रीतीने बेदखली करण्यापूर्वीही म्हणणं मांडायची संधी द्यावीच लागते. ती दिली नसेल तर रिटचा पाया पक्का. पट्टा संपला तरी पट्टेदाराला बळाने बाहेर काढता येत नाही, कायद्याचीच वाट धरावी लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने महाराजा धर्मेंद्र प्रसाद सिंह प्रकरणात 1989 साली सांगितलं आहे. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना ऑगस्ट 2025 पासून रिटसाठी मुंबई गाठावी लागत नाही. कोल्हापुरात हायकोर्टाचं सर्किट बेंच बसतं.

नूतनीकरण नाकारलं असेल तर मात्र अपेक्षा आवरा. करारात तसं कलम नसेल तर पट्टा वाढवून मिळणं हा हक्क नसतो. अर्ज निकालीच काढला नसेल, तर ठरावीक मुदतीत निर्णय द्या एवढा आदेश रिटमध्ये मागता येतो, आणि तो मिळण्यासारखा असतो.