बांधाच्या दाव्यासाठी आमच्या वकील मॅडम: पाचपैकी चार तारे

पूर्वेचा बांध शेजारी दर नांगरटीला थोडाथोडा कोरत होते. भाऊबंदच ते, म्हणून आधी घरात बैठका झाल्या, मग गावात तंटामुक्त समिती बसली. काहीच निघालं नाही, तेव्हा तालुक्याच्या दिवाणी कोर्टात दावा लावला. तो चालवणाऱ्या वकील मॅडमबद्दल लिहितेय.

पहिल्याच भेटीत त्यांनी सातबारा बाजूला ठेवला. "यावर क्षेत्र कळतं, हद्द नाही," म्हणाल्या. गटाचा, म्हणजे आमच्या जमिनीच्या तुकड्याचा नकाशा, टिपण, गुणाकार बुक (मोजणीच्या जुन्या नोंदी), सगळ्याच्या नकला काढायला लावल्या. हद्द कायम मोजणी आम्ही आधीच करून घेतली होती, 'क' प्रत, म्हणजे त्या मोजणीचा नकाशा, हातात होती. पण समोरचे कोर्टात म्हणाले, आम्हाला मोजणीची नोटीसच मिळाली नाही. बरेच दावे इथेच रखडतात. मॅडमनी लगेच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 26, नियम 9 खाली अर्ज देऊन भूकरमापकाला, म्हणजे सरकारी मोजणीदाराला, कोर्ट कमिशनर (कोर्टाच्या वतीने जागेवर पाहणी करून अहवाल देणारा) नेमून घेतलं. मोजणीही दोन्ही गटांची, एकत्र मागितली. हे मला फार मोलाचं वाटतं. फक्त आपलाच गट मोजला तर क्षेत्र कमी भरल्याचं दिसेल, पण ते शेजाऱ्याच्या ताब्यात आहे हे त्यावरून ठरत नाही.

मोजणीला त्या स्वतः भर उन्हात बांधावर उभ्या होत्या. कोणता जुना दगड धरून मोजायला सुरुवात केली, ते पंचनाम्यात लिहून घ्यायला लावलं. पुढे कमिशनरच्या उलटतपासणीत तेच कामाला आलं.

फी टप्प्याटप्प्याने घेतली, प्रत्येक वेळी पावती दिली. एक तारा कापला तो ऑफिससाठी. तारीख पुढे गेल्याचं कारकुनाने वेळेवर कळवलं नाही, आणि खुरपणीच्या ऐन दिवसांत माझा हेलपाटा झाला.

नकाशा पाहून समोरचे नरमले. लोकन्यायालयात तडजोड झाली. तिथल्या निवाड्यावर अपील नाही आणि कोर्ट फी परत मिळते, दोन्ही गोष्टी मॅडमनी सहीआधी नीट समजावल्या. मोजणीचा नकाशा तडजोडीला जोडल्याशिवाय सही करू दिली नाही.

वहिवाटीचा रस्ता अडवल्याचं भांडण असेल, तर मात्र मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली तहसीलदारांकडे जाता येतं, तेही अडथळा झाल्यापासून 6 महिन्यांच्या आत. मॅडम ती कामं घेतात का, हे आधी विचारून घ्या.