पैलफलक : चौथ्या दिशेचा नकाशा काढणारा एकच भरवशाचा फलक

पलीकडच्या मितीचा नकाशा काढून देणारी यंत्रं रविवार पेठेत आता चार-पाच प्रकारची मिळतात. त्यांतला पैसे टाकण्याजोगा फक्त पैलफलक. बाकीची यंत्रं मधली न दिसलेली जागा आपल्या मनाने जोडून रेघ पुरी करतात, आणि तसल्या नकाशावर विसंबून पाऊल टाकणं जिवावर बेतू शकतं. पैलफलकाला जिथलं दिसत नाही तिथे कागद कोरा राहतो. एवढ्या एका गुणासाठी त्याचे बाकीचे त्रास सोसावेत असं आमचं ठाम मत आहे.

खोक्यात नऊ इंची तांब्याची थाळी, पितळी दर्शकपट्टी, सागवानी तिवई, ओळंबा, बारा अंगुळांचा शंकू, तेलाचा दिवा, चाचणीचा ठोकळा आणि पन्नास कागद येतात. थाळीवर मठारकाम आहे, ते शोभेसाठी नाही. ठोके बसून तांबं कडक होतं आणि थाळी वाकत नाही. थाळीखाली सहा पेच आहेत. आपल्याकडे वस्तू तीन पातळ्यांत फिरते: लांबी-रुंदी, रुंदी-उंची, उंची-लांबी. चौथी दिशा धरली की जोड्या सहा होतात, म्हणून पेच सहा. कल्हई केलेले तीन आपल्या बाजूचे, तांबडे तीन पलीकडचे.

आधी कल्हईचे पेच फिरवून थाळी ओळंब्यात आणायची, मगच तांबड्यांना हात लावायचा. तांबडा पेच एका वेळी एकच आणि दर कागदाला फक्त अष्टमांश फेरा. तांबड्यासोबत त्याच्याशी एकही दिशा सामाईक नसलेला कल्हईचा पेच एकदम फिरवला तर फिरणं एकाच वेळी दोन पातळ्यांत होतं आणि सबंध जागेत एकच बिंदू स्थिर उरतो. मग परतीची खूण धरायला काही राहत नाही, सगळं पहिल्यापासून लावावं लागतं. नव्या माणसाचा निम्मा वेळ इथेच जातो.

प्रत्येक कागदावर पलीकडच्या जागेचा एक काप उमटतो, वरून आणि समोरून अशा दोन आराखड्यांत. पलीकडचा गोल आपल्या कापात आधी ठिपका, मग फुगत जाणारा चेंडू, मग पुन्हा ठिपका असा दिसतो. चाचणीचा ठोकळा दुकानातच लावून पाहा. तो चार मितींचा घन आहे: सोळा कोपरे, बत्तीस कडा, आठ घनांची सीमा. कोपऱ्याच्या बाजूने सरकवला की पहिले काप चार त्रिकोणी पृष्ठांचे येतात आणि बरोबर मध्यावरच्या कापाला आठ त्रिकोणी पृष्ठं दिसली पाहिजेत. कमी-जास्त दिसली तर दर्शकपट्टी वाकलेली आहे, दुसरा नग मागा.

खरा कच्चा दुवा ओळंबा. कारखान्यातून तो गाठ मारलेल्या दोरीवर येतो आणि चौथ्या दिशेला मोकळीक असली की कुठलीही गाठ आपोआप सुटते. कडी घालूनही भागत नाही, कारण एकमेकांत अडकवलेली वेटोळीसुद्धा तिथे न तुटता वेगळी होतात. दोरी काढून टाका आणि कसबा पेठेत तांबट आळीत पितळी तारेचं टोक थेट ओळंब्याला झाळून घ्या. निर्मात्यांनी हे मुळातच करायला हवं होतं.

कागद घालण्याआधी कोपऱ्यात पेन्सिलीने ‘ग’ लिहा. काप काढल्यावर तो आरशातल्यासारखा उलटा दिसला, तर कागद चौथ्या दिशेतून अर्धा वळून आला आहे आणि नकाशातलं डावं-उजवं बदललेलं आहे. सुटे पेचही थाळीजवळ ठेवू नका. उजव्या आट्याचा पेच डाव्या आट्याचा होऊन येतो, मग बोहरी आळी पालथी घातली तरी साधा नट त्याला बसत नाही.

उत्तर दिशेसाठी होकायंत्र वापरू नका. पुण्याचा खडक बेसाल्ट, त्यात चुंबकीय खनिज असतं. वेताळ टेकडीसारख्या उघड्या माथ्यावर वीज पडलेला खडक असेल तर सुई आणखी भरकटते. खोक्यातला शंकू याचसाठी आहे. त्याच्याभोवती वर्तुळ काढा, सावलीचं टोक सकाळी आणि दुपारनंतर वर्तुळाला जिथे टेकेल ते दोन बिंदू जोडा. ती पूर्व-पश्चिम, तिच्यावर लंब ती उत्तर-दक्षिण. दोन्ही बिंदू माध्यान्हापासून सारख्याच अंतरावर येतात, पण पुण्याचं माध्यान्ह घड्याळाच्या बारा वाजता नसतं. ते सरासरी 12.35 च्या सुमारास येतं आणि वर्षभरात पंधराएक मिनिटं मागेपुढे होतं. मेच्या मध्यात आणि जुलैअखेरीस सूर्य थेट डोक्यावर असतो तेव्हा भरदुपारच्या आखूड सावलीवर दिशा ठरवू नका, मोठं वर्तुळच घ्या.

दिव्याबाबत पुस्तिका गप्प आहे. आपल्याकडे अंतर दुप्पट झालं की उजेड चौथा हिस्सा उरतो, पलीकडे आठवा. चौपट अंतरावर चौसष्टावा. त्यामुळे सोबतचा दिवा दोन हातांपुढे निकामी ठरतो आणि नकाशावर नको तितकी कोरी जागा राहते. दोन वातींचा घेतला तरी फारसा फरक पडत नाही. तिवईच पुढे सरकवून काप जोडत न्यावेत.

पाताळेश्वराच्या लेण्यात काप फार स्वच्छ येतात, सगळं एकाच खडकात कोरलेलं असल्याने सांध्यांची भुतं उमटत नाहीत. मात्र ते संरक्षित स्मारक आहे, तिवई लावायची तर आधी परवानगी काढा.

पावसाळ्यात थाळी काळवंडते. चिंच-मिठाने घासू नका, अंशांच्या बारीक रेघा झिजतात. कोरड्या मलमलीने पुसून खोबरेल तेलाचा पातळ हात द्यावा. सोबतचे कागद दमट हवेत ताणले जाऊन काप जुळत नाहीत, त्याऐवजी अप्पा बळवंत चौकातून जाड ड्रॉइंग पेपर आणून कापून घेतलेला बरा. किंमत साडेअठ्ठावीस हजार. घेताना एक तांबडा पेच जादा मागून घ्या, सुटा तो मिळत नाही.