क्रॉस्बीच्या किनाऱ्यावरील ‘अनदर प्लेस’: पाहण्याआधी भरतीची वेळ पाहा

लिव्हरपूलजवळच्या क्रॉस्बी किनाऱ्यावर ब्रिटिश शिल्पकार अँटनी गॉर्मली यांनी उभ्या केलेल्या ‘अनदर प्लेस’ या शिल्पसमूहातील शंभर लोखंडी मनुष्याकृती पाहायला जाणाऱ्यांनी आधी भरती-ओहोटीचे वेळापत्रक पाहावे. पूर्ण ओहोटीला सुमारे ३ किलोमीटर किनाऱ्यावर आणि समुद्राकडे जवळपास १ किलोमीटरपर्यंत विखुरलेल्या आकृत्या नजरेत येतात आणि बहुतेक जण तेवढे छायाचित्र काढून परततात. पाणी चढू लागल्यावर मात्र दूरच्या आकृत्या गुडघ्यापर्यंत, मग छातीपर्यंत बुडत दिसेनाशा होतात. त्यामुळे भरती सुरू होतानाची वेळच निवडावी, असा माझा आग्रह राहील.

१९९७ साली जर्मनीतील कुक्सहाफेन येथे प्रथम मांडलेले हे काम नॉर्वे आणि बेल्जियममार्गे २००५ मध्ये येथे आले व पुढे कायमचे राहिले. प्रत्येक आकृती १८९ सेंटिमीटर उंच आणि सुमारे ६५० किलो वजनाची आहे. अंगावर ओल्या प्लास्टरच्या पट्ट्या लेवून, त्या घट्ट होईपर्यंत निश्चल उभे राहून गॉर्मली यांनी स्वतःच्या देहाचे साचे करून घेतले आणि अशा १७ साच्यांवरून हा सारा समूह ओतला गेला. म्हणून दोन-तीन आकृत्यांच्या अगदी जवळ जाऊन छाती पाहावी; कुठे श्वास भरून घेतलेला, तर कुठे सोडलेला जाणवतो. खाऱ्या पाण्यात रोज बुडणाऱ्या देहांवर बार्नॅकलचे (घट्ट चिकटून राहणाऱ्या कवचधारी सागरी जीवांचे) खरखरीत थर चढले आहेत आणि लोखंडाचे पापुद्रे सुटू लागले आहेत. चेहऱ्यांवर भाव शोधू नयेत, कारण ते मुद्दामच अस्पष्ट ठेवलेले आहेत. सगळ्यांची तोंडे क्षितिजाकडे असल्याने आपणही नकळत त्यांच्या खांद्याशी उभे राहून मर्सी नदीच्या मुखाशी ये-जा करणारी जहाजे पाहू लागतो. इंग्लंडमधील गेट्सहेड येथील गॉर्मली यांचाच २० मीटर उंचीचा ‘एंजल ऑफ द नॉर्थ’ हा पुतळा पाहणाऱ्याला खालून वर पाहायला लावतो. येथे शिल्प आणि माणूस एकाच वाळूवर, जवळपास एकाच उंचीचे असतात आणि मला हेच काम अधिक थोर वाटते.

मराठी वाचकाला यातला एक धागा विशेष जवळचा वाटेल. १९७०च्या दशकाच्या आरंभी भारतात असताना गॉर्मली यांनी सत्यनारायण गोएंका यांच्याकडे विपश्यना शिकली. इगतपुरीला शिबिर केलेल्यांना डोळे मिटून, अंगावरील एकेक संवेदना न्याहाळत देहाकडे आतून पाहण्याचा अभ्यास ठाऊक आहेच. देह ही वस्तू नसून आपण राहतो ती जागा आहे, हा गॉर्मली यांच्या कामाचा गाभा त्या साधनेशी जोडून पाहिला की या आकृत्यांची स्तब्धता उमगते. रस्त्यावर चादर ओढून झोपलेली माणसे भारतात पाहिल्यानंतर, १९७३ मध्ये त्यांनी प्लास्टरमध्ये भिजवलेली चादर आडव्या देहावर पसरून केलेले ‘स्लीपिंग प्लेस’ हे शिल्पही याच वाटेवरचे आहे.

आकृत्यांना टोप्या, मफलर, फुटबॉलचे शर्ट चढवण्याची हौस मात्र मला खटकते, कारण कपडा चढला की देहाची ताठरता आणि सैलपणा दोन्ही झाकले जातात.

प्रवेश विनामूल्य आहे. लिव्हरपूलहून साउथपोर्टकडे जाणाऱ्या मर्सीरेलच्या गाडीने वॉटरलू, ब्लंडेलसँड्स अँड क्रॉस्बी किंवा हॉल रोड येथे उतरून चालत पोहोचता येते. वाळूखाली पाय रुतवणारा चिखल असून पाणी झपाट्याने चढते, तेव्हा दूरच्या आकृत्यांपर्यंत चालत जाण्याचा मोह टाळावा आणि मुलांना किनाऱ्यालगतच ठेवावे.