जुन्या गाडीला थर्ड पार्टी की पॅकेज? आधी मागच्या सीटवर कोण बसतं ते बघा

गाडी दहा-बारा वर्षांची झाली की रिन्यूअलच्या वेळी बहुतेक घरांत एकच निर्णय होतो: आता पॅकेज कशाला, थर्ड पार्टी भरून टाकू. (थर्ड पार्टी म्हणजे दुसऱ्याच्या नुकसानीपुरता विमा; पॅकेज म्हणजे तो आणि स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा विमा, दोन्ही एकत्र.) निव्वळ दुरुस्तीचा हिशेब केला तर हा निर्णय बरोबर आहे. पण अपघातानंतर कायद्याने आपल्या अंगावर येणाऱ्या जबाबदारीचा हिशेब केला, तर अनेक कुटुंबांसाठी तो घातक ठरू शकतो. दुर्दैवाने ऑनलाइन रिन्यूअलच्या पडद्यावर हा दुसरा हिशेब कुठेच दिसत नाही.

आधी पैशाचं बघू. पॅकेजमधला जादा भाग म्हणजे ओन डॅमेज, थोडक्यात ओडी. गाडी जुनी असेल तर त्यातून हाती फार पडत नाही. बारा वर्षांच्या कारचा बंपर आणि दरवाजा बदलायचा आहे असं धरा. बंपर ८,००० चा, दरवाजा १२,००० चा, मजुरी ५,०००. प्लास्टिकवर ५० टक्के घसारा आणि दहा वर्षांवरच्या गाडीच्या धातूच्या भागांवरही ५० टक्के, म्हणजे २०,००० च्या सुट्या भागांचे १०,००० च धरले जातात. मजुरी पूर्ण मिळते. त्यातून १,५०० सीसीपर्यंतच्या कारला १,००० रुपयांचं सक्तीचं डिडक्टिबल (आपणच सोसायची रक्कम) वजा होतं. एकूण २५,००० च्या बिलावर १४,००० हातात, आणि वर साठवलेला नो क्लेम बोनस (क्लेम न केल्याबद्दल ओडीच्या प्रीमियमवर मिळणारी सूट) गेला. तो ५० टक्क्यांपर्यंत चढलेला असेल तर पुढच्या वर्षी ओडीचा प्रीमियम जवळपास दुप्पट. पावसाच्या साचलेल्या पाण्यात गाडी पुन्हा पुन्हा स्टार्ट करून इंजिन गेलं, तर साध्या पॅकेजमध्ये तेही सहसा नाकारलं जातं. त्यासाठी इंजिन प्रोटेक्शन वेगळं घ्यावं लागतं.

एवढ्यावर थांबलं तर थर्ड पार्टीच जिंकते. पण थांबू नये.

थर्ड पार्टी विमा मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम १४६ नुसार सक्तीचा आहे आणि तो दोन्ही पॉलिसींत सारखाच असतो. तुमच्या गाडीने रस्त्यावरच्या माणसाचा जीव गेला किंवा तो जखमी झाला, तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरण ठरवेल ती भरपाई कंपनी देते. तिला वरची मर्यादा नाही. दुसऱ्याच्या मालमत्तेच्या नुकसानीला मात्र आहे: कारसाठी साडेसात लाख, दुचाकीसाठी एक लाख. थोडी सूट मिळते म्हणून ही मर्यादा ६,००० वर आणायचा पर्याय कोणी सुचवला तर सरळ नाही म्हणा. एका महागड्या गाडीचा दिवासुद्धा त्यात येत नाही.

पॉलिसीच्या या दोन भागांमागे जबाबदारी दोन वेगळ्या प्रकारची आहे. थर्ड पार्टीचं बंधन कायद्याने घातलेलं असल्याने, तुमच्याकडून अट मोडली एवढं कारण दाखवून कंपनीला बळी पडलेल्या माणसाला सहज वाऱ्यावर सोडता येत नाही. वाहनचालकाच्या लायसन्सवरून निघालेल्या स्वर्ण सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली हे तत्त्व नीट मांडलं: कंपनीने आधी पीडिताला द्यावं, आणि अटीचा भंग सिद्ध होत असेल तर मालकाकडून वसूल करावं. ही वसुली तुमच्याच खिशातून होते, हे विसरू नका. ओडी हा निव्वळ करार. तिथे दारू पिऊन चालवलं, लायसन्स नव्हतं, खासगी गाडी भाड्याने फिरवली, की क्लेम साफ नामंजूर होऊ शकतो.

आता खरा मुद्दा. मागच्या सीटवर बसलेली तुमची बायको किंवा शेजारी बसलेले वडील ‘थर्ड पार्टी’त येतात का? बहुतेकांना वाटतं, येतात. पण फक्त कायद्यापुरत्या, म्हणजे लायबिलिटी ओन्ली (नुसत्या थर्ड पार्टी) पॉलिसीत, भाडं न देता बसलेल्या माणसाची जोखीम धरलेली नसते. तिलक सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये स्कूटरवर मागे बसलेल्याबाबत हेच सांगितलं. याउलट पॅकेज पॉलिसीत दुचाकीवर मागे बसलेला आणि खासगी कारमधले प्रवासी धरलेले आहेत, असं विमा नियामक आयआरडीएने नोव्हेंबर २००९ च्या परिपत्रकात स्पष्ट केलं आणि न्यायालयांनीही ते मानलं.

याचा प्रत्यक्षात अर्थ काय? समोरच्या ट्रकच्या चुकीने अपघात झाला तर मागे बसलेल्याला त्या ट्रकच्या विम्यातून भरपाई मिळते; तुमची पॉलिसी कोणती हा प्रश्न येत नाही. पण वळणावर खडीवरून तुमचीच स्कूटर घसरली आणि मागच्या मित्राच्या डोक्याला मार लागला, तर चूक तुमची आणि लायबिलिटी ओन्लीमध्ये पैसे देणारं कोणी नाही. दावा आला तर तो थेट तुमच्यावर. पॅकेज असेल तर कंपनी उभी राहते. प्रवाशांसाठी वैयक्तिक अपघात कव्हर जोडता येतं, पण ती ठरलेली आणि छोटी रक्कम असते. कमावत्या माणसाच्या मृत्यूची न्यायाधिकरणाने ठरवलेली भरपाई तिच्या कितीतरी पट असू शकते.

चालवणाऱ्या मालकाचं मात्र दोन्हीकडे सारखंच. स्वतःच्या चुकीने झालेल्या अपघातात मालक आपल्याच पॉलिसीखाली थर्ड पार्टी होत नाही. त्याच्यासाठी १५ लाखांचं वैयक्तिक अपघात कव्हर असतं. भाच्याला गाडी चालवायला दिली तर कायद्याच्या नजरेत तोही मालकाच्या जागी उभा असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये पुन्हा सांगितलं. पॅकेज घेतलं म्हणून त्याचं संरक्षण आपोआप वाढत नाही.

म्हणून माझं मत स्पष्ट आहे. स्टेशनपर्यंत एकट्याने जायची जुनी स्कूटर असेल, मागे कोणी कधीच बसत नसेल, तर थर्ड पार्टी आणि मालकाचं अपघात कव्हर पुरे. मागे मुलं, आई, सहकारी बसत असतील, किंवा कार असेल, तर पॅकेजच घ्या; दुरुस्तीसाठी नव्हे, त्या माणसांसाठी. जुन्या गाडीची आयडीव्ही (विम्यासाठी धरलेली गाडीची किंमत) कमी असल्याने, विशेषतः दुचाकीला, ओडीचा जादा प्रीमियम फार नसतो. दोन्ही कोटेशन शेजारी ठेवा आणि फरक स्वतः बघा. आधी फक्त थर्ड पार्टी होती आणि आता पॅकेज हवं असेल तर कंपनी गाडीचं इन्स्पेक्शन मागेल. थर्ड पार्टी पाच वर्षांची आणि ओडी वेगळी, अशी रचना असेल तर मागची सीट धरली आहे का हे कंपनीला ईमेलने विचारून लेखी उत्तर घ्या. फोनवरचं ‘हो सर, सगळं कव्हर आहे’ पुढे उपयोगाचं नसतं.

आणि जुनी गाडी विकत असाल किंवा घेत असाल, तर आरसी नावावर होईपर्यंत स्वस्थ बसू नका. आरटीओच्या नोंदीत ज्याचं नाव, तोच मालक आणि तोच जबाबदार, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये दिला आहे. गाडी विकल्यावर थर्ड पार्टी कव्हर कायद्यानेच नव्या मालकाकडे जातं, ओडी जात नाही. घेणाऱ्याने १४ दिवसांत कंपनीकडे नाव बदलण्याचा अर्ज करावा आणि त्याची पोच सांभाळून ठेवावी.